अंडं नाही, दूध नाही: घरी केलेले भाज्यांचे मीटबॉल (ठाणे, जुलै २०२५)

रविवारी १३ जुलैला दुपारी घरी आठ जण जेवायला होते. त्यांतले दोघं पूर्ण व्हेगन, म्हणजे मांस-अंडी नाहीतच, शिवाय दूध, दही, तूप, पनीर आणि मधही नाही. मुख्य पदार्थ म्हणून भाज्यांचे मीटबॉल (मूळचे खिम्याचे गोळे, इथे मांसाशिवाय) ठरवले. बाहेरून तपकिरी भाजलेले, दाताखाली थोडे घट्ट लागणारे आणि टोमॅटोच्या सॉसमध्ये पंधरा मिनिटं राहूनही आकार न सोडणारे. यातली शेवटची अट सगळ्यात अवघड. आपला कोफ्ता तळून वेगळा ठेवतात आणि वाढताना वरून ग्रेव्ही घालतात, त्यामुळे तो सॉसमध्ये टिकतो का हा प्रश्नच येत नाही. मीटबॉल मात्र सॉसमध्येच शिजत राहायला हवा. त्याशिवाय सॉसची चव आत जात नाही आणि त्याची चव सॉसला लागत नाही.

नवी मुंबईत तुर्भ्याला आयकिया या स्वीडिश फर्निचर कंपनीचं, मीटबॉलसाठीही ओळखलं जाणारं दुकान डिसेंबर २०२० मध्ये उघडलं, तेव्हापासून हा गोळा आपल्याकडे बऱ्याच जणांच्या ओळखीचा झाला आहे. त्या कंपनीने भाज्यांचे गोळे परदेशात २०१५ सालीच आणले होते. त्यात मटार, गाजर, मका असे दाणे आणि तुकडे वेगवेगळे दिसतात. मी दुसरी वाट घेतली. अख्खा मसूर आणि मशरूम यांचा गोळा रंगाने गडद होतो, चवीला खोल असतो आणि सॉसमध्ये जास्त टिकतो.

हा पदार्थ करताना बहुतेकांची अडचण एकच असते, गोळे फुटतात. मग बेसन घाल, कॉर्नफ्लोअर घाल, अजून थोडं पीठ घाल असं सुरू होतं आणि शेवटी हातात भज्यांसारखं काहीतरी येतं. पीठ कमी पडलं म्हणून गोळे क्वचितच फुटतात. ते फुटतात पाणी जास्त राहिल्यामुळे. मशरूममध्ये नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी असतं, गाजर आणि कांद्यातही नव्वदच्या आसपास. ते आधी काढलं नाही तर ओव्हनच्या उष्णतेने ते गोळ्याच्या आत सुटतं आणि वाफ होऊन त्याला आतून उकलतं. म्हणून खाली जे लिहिलं आहे त्यातला निम्मा वेळ पाणी घालवण्यात गेला आहे. तिथे घाई केली तर पुढचं काहीच सावरत नाही.

शुक्रवार, ११ जुलै: खरेदी आणि लेबलं

भाजी आणि मशरूम जांभळी नाक्याच्या बाजारातून घेतले. पावसाळ्यात मशरूम जपून निवडावे लागतात. पाकिटाच्या प्लॅस्टिकला आतून पाण्याचे थेंब लागले असतील तर ते घेऊ नका. टोपी पांढरी, कोरडी आणि खालून मिटलेली हवी. बोटाला बुळबुळीत लागले तर ते उतरलेले आहेत. दोनशे ग्रॅमचं पाकीट ५५ रुपयांना मिळालं.

तेहेतीस गोळ्यांसाठी घेतलेलं सामान असं: अख्खा मसूर १५० ग्रॅम, बटण मशरूम २०० ग्रॅम, कांदा १२० ग्रॅम (मोठा एक), गाजर १०० ग्रॅम, लसणाच्या ६ पाकळ्या, जाड ओट्स ६० ग्रॅम, लादीपावाचा कोरडा चुरा ५० ग्रॅम, अक्रोड ५० ग्रॅम, जवसाची पूड २ मोठे चमचे, घट्ट टोमॅटो पेस्ट १ मोठा चमचा, सोया सॉस १ मोठा चमचा, मीठ १ लहान चमचा, मिरेपूड अर्धा लहान चमचा, चिमूटभर जायफळ, वाळवलेला ओरेगॅनो १ लहान चमचा आणि तेल. मोठा चमचा म्हणजे १५ मिलीचा, लहान म्हणजे ५ मिलीचा. या पदार्थाला वजनकाटा वापराच. एक वाटी किसलेलं गाजर सैल भरलं आणि दाबून भरलं, तर वजनात दीडपट फरक पडतो.

दुकानात खरा वेळ गेला तो लेबलं वाचण्यात. आपल्याकडे पाकिटावरचा हिरवा ठिपका म्हणजे शाकाहारी, आणि शाकाहारी म्हटलं की दूध, तूप, लोणी, मध सगळं चालतं. व्हेगन जेवणासाठी तो ठिपका पुरेसा नाही. २०२२ मध्ये एफएसएसएआयने (भारताच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाने) व्हेगन पदार्थांसाठी स्वतंत्र नियम केले आणि वेगळं चिन्ह ठरवलं: हिरव्या रंगातलं इंग्रजी व्ही अक्षर, त्यावर छोटं रोप. हे चिन्ह दिसलं तर प्रश्न मिटला. पण किराणा दुकानातल्या साध्या मालावर ते क्वचित असतं, म्हणून घटकांची यादी वाचायची आणि मग तिच्याजवळची ॲलर्जीची ओळ शोधायची. दूध असेल तर ते तिथे स्पष्ट लिहिलेलं असतं, आणि ही ओळ लांबलचक यादीपेक्षा लवकर सापडते.

दूध कुठे लपलेलं असतं? टोस्टमध्ये आणि तयार ब्रेडक्रम्समध्ये दुधाची पावडर पुष्कळदा असते. स्लाइस ब्रेडच्या काही प्रकारांत लोणी असतं. क्रीम ऑफ मशरूमसारख्या सूपच्या पाकिटात तर असतंच. वूस्टरशायर सॉस पारंपरिक पद्धतीचा असेल तर त्यात अँकोव्ही मासे असतात, म्हणून तो टाळला आणि ती खारट-आंबट खोली सोया सॉस व टोमॅटो पेस्टमधून आणली. लादीपाव साधारणपणे मैदा, यीस्ट, मीठ, साखर आणि तेल यांचाच असतो, पण काही बेकऱ्या वरून लोणी किंवा दूध फिरवतात. त्याला लेबल नसतं, म्हणून बेकरीत सरळ विचारायचं. मी विचारलं, फक्त तेल आहे असं उत्तर मिळालं, आणि तीन पाव घेतले. सुकी स्पगेटीही घ्यायची होती. ती बहुतेक वेळा ड्युरम गव्हाचा रवा आणि पाणी एवढ्याचीच असते. ताजा पास्ता मात्र अंड्याचा असू शकतो.

सुक्या मेव्यासाठी नवी मुंबईकरांना वाशीच्या एपीएमसीतला मसाला बाजार जवळचा. तिथे घाऊक व्यवहार चालतो, त्यामुळे ५० ग्रॅम अक्रोडासाठी जाण्यात अर्थ नाही. चार-पाच घरांनी मिळून किलोभर घेतले तर परवडतात. अक्रोड चाखूनच घ्या. खवट निघाला तर सगळं मिश्रण कडवट होतं आणि कुठलाही मसाला ते झाकत नाही. जवसाचंही तसंच. अख्खा जवस आणा आणि लागेल तेवढाच मिक्सरमध्ये दळा. उरलेली पूड हवाबंद डबीत फ्रीझरमध्ये ठेवायची, कारण दळल्यावर त्यातलं तेल लवकर खराब होतं.

रात्री फक्त पावाचा चुरा करून ठेवला. पाव हाताने कुस्करून ओटीजीमध्ये (विजेच्या छोट्या ओव्हनमध्ये) १२० अंशांवर वीस मिनिटं ठेवले, मध्ये एकदा हलवले. रंग बदलू द्यायचा नाही, फक्त कोरडे करायचे. गार झाल्यावर मिक्सरमध्ये एकदा फिरवून लगेच घट्ट झाकणाच्या डब्यात भरला. जुलैत ठाण्याच्या हवेत उघडा राहिलेला चुरा तासाभरात मऊ पडतो, आणि मऊ चुरा पाणी कमी शोषतो. त्याचं मुख्य काम तर तेच असतं.

शनिवार, १२ जुलै: पाणी घालवण्याचा दिवस

मसूर निवडून, धुऊन एक लिटर उकळत्या पाण्यात टाकला. कुकर लावायचा नाही. कुकरमध्ये एका शिट्टीतही अख्ख्या मसुराची सालं फाटतात आणि लगदा होतो. उघड्या पातेल्यात मध्यम आचेवर वीस-बावीस मिनिटं लागली. दाणा बोटांत चेपला जावा, पण पातेल्यात अख्खा दिसावा, तिथे गॅस बंद. चाळणीत निथळत ठेवला, नंतर सुती पंचावर पसरून पंख्याखाली अर्धा तास. उन्हाळ्यात एवढं पुरतं. त्या दिवशी हवेत इतकी ओल होती की मसूर चिकटच लागत होता, म्हणून कोरड्या कढईत मंद आचेवर पाच मिनिटं हलक्या हाताने परतला. १५० ग्रॅमचा साधारण ३५० ग्रॅम झाला. हे वजन ३८० च्या वर दिसलं तर अजून पाणी आहे असं समजा.

मशरूम वाहत्या पाण्याखाली पटकन धुऊन लगेच पुसले. पाण्यात बुडवून ठेवले तर ते आणखी पितात. बारीक चिरले, अगदी तांदळाएवढे नाही, तुरीच्या दाण्याएवढे. रुंद लोखंडी तव्यावर तेल न घालता मोठ्या आचेवर पसरले आणि चिमूटभर मीठ टाकलं. मीठ पाणी बाहेर ओढतं, इथे तेच हवं आहे. दोन मिनिटांत तव्यावर चांगलंच पाणी सुटतं आणि काहीतरी बिघडलं असं वाटतं. बिघडलेलं नसतं. आच कमी न करता ते आटू द्यायचं. आठ-नऊ मिनिटांनी पाणी संपतं, आवाज बदलतो, खदखदण्याच्या जागी चरचर ऐकू येते आणि तुकड्यांच्या कडा तपकिरी होतात. ही चरचर ऐकल्याशिवाय थांबू नका. दोनशेचे नव्वद ग्रॅम उरले. मांसासारखी जी चव लोक शोधतात ती बरीचशी इथेच, या भाजण्यात तयार होते.

गाजर बारीक किसणीवर किसून, चिमूटभर मीठ लावून दहा मिनिटं ठेवलं आणि मुठीत घट्ट पिळलं. निघालेलं पाणी फेकू नका, सॉसमध्ये घाला. त्याच तव्यावर दोन चमचे तेल, बारीक चिरलेला कांदा, मंद आचेवर बारा मिनिटं. नंतर लसूण आणि पिळलेलं गाजर, आणखी पाच मिनिटं. टोमॅटो पेस्ट शेवटी घालून दोन मिनिटं परतली, म्हणजे तिचा कच्चा आंबटपणा जातो आणि रंग वीटकरी होतो. सोया सॉसही तव्यावरच घातला, लगेच आटला. सगळं ताटात पसरून पूर्ण गार होऊ दिलं. कोमट भाजी ओट्समध्ये गेली की ओट्स बाहेरून चिकट होतात आणि आत कोरडे राहतात.

आता बांधणी. अंडं काय करतं हे कळलं तर त्याच्या जागी काय घालायचं ते आपोआप कळतं. अंड्यातली प्रथिनं उष्णतेने घट्ट होतात आणि त्यांचं जाळं सगळं धरून ठेवतं. जवसाचं तसं होत नाही. जवसाच्या सालीतला चिकट द्रव पाण्यात फुगतो आणि कच्चं मिश्रण हाताला वळण्याइतपत एकत्र ठेवतो, पण ओव्हनमध्ये तो अंड्यासारखा घट्ट होत नाही. ते काम पिष्टाचं (स्टार्चचं) आहे. ओट्स आणि पाव यांतलं पिष्ट पाण्यासकट तापलं की फुगतं, आणि गार होताना घट्ट बसतं. म्हणजे व्हेगन गोळ्यात दोन वेगळी माणसं दोन वेगळ्या पाळ्यांत काम करतात, जवस भाजण्याआधी आणि पिष्ट भाजल्यानंतर. एकाच्या जागी दुसऱ्याला दुप्पट घालून चालत नाही. जवस वाढवला तर गोळे बुळबुळीत होतात, ओट्स वाढवले तर घट्ट आणि पिठूळ. बेसन घालायचं असेल तर दोन मोठे चमचे, तेही आधी कोरडं भाजून, नाहीतर कच्ची चव राहते. या प्रमाणात मला त्याची गरज पडली नाही.

जवसाच्या दोन मोठ्या चमचे पुडीत पाच मोठे चमचे गरम पाणी घालून ढवळलं आणि दहा मिनिटं ठेवलं. चमचा उचलल्यावर तार यायला हवी. ओट्स मिक्सरमध्ये दोन-तीनदा पल्स करून जाडसर केले. अक्रोड सुरीने चिरले, कारण मिक्सरमध्ये त्यांचं तेल सुटतं. मसुराचा दोन तृतीयांश भाग मिक्सरमध्ये पल्सवर जेमतेम फोडला, उरलेला अख्खाच ठेवला. मिक्सर सलग फिरवू नका. मसुराचा गुळगुळीत लगदा झाला तर गोळा चावताना रबरासारखा लागतो, आणि त्यातून परत येण्याचा रस्ता नाही.

परातीत सगळं एकत्र करून बोटांनी मिसळलं. कणकेसारखं मळायचं नाही, एकत्र आलं की हात काढायचा. मग मूठ दाबून पाहायची. मूठ उघडल्यावर गोळा एकसंध राहिला आणि बोटांना ओल जाणवली, पण पाणी दिसलं नाही, तर मिश्रण जमलं. बोटांच्या फटीतून पाणी आलं तर एकदम पीठ ओतू नका. आधी चुऱ्याचा एक मोठा चमचा घाला, दहा मिनिटं थांबा, परत पाहा. चुरा आणि ओट्स यांना पाणी प्यायला वेळ लागतो, आणि तो न देता घातलेलं पीठ दुसऱ्या दिवशी जड पडतं. उलट गोळा दाबताना कडेला चिरा पडल्या तर चमचाभर पाणी शिंपडायचं.

वळण्याआधी छोटा गोळा तव्यावर भाजून चाखला. मीठ इथेच कळतं. टोमॅटोच्या गोडसर सॉससोबत मीठ कमी लागतं, म्हणून नुसता खाताना किंचित जास्त वाटेल इतकं हवं. मिश्रण झाकून रात्रभर फ्रीजमध्ये. घाई असेल तर पाऊण तास पुरतो, पण रात्रभर ठेवलेलं मिश्रण वळायला जास्त सोपं जातं. ओट्यावर मात्र ठेवू नका. पावसाळी तीस अंशांत शिजलेली डाळ लवकर आंबते.

चातुर्मास सुरू झाला होता (आषाढी एकादशी ६ जुलैला होती), त्यामुळे कांदा-लसूण आणि मशरूमही न खाणाऱ्यांचा प्रश्न अनेक घरांत येतो. त्यांच्यासाठी सुरण चांगला. १२० ग्रॅम सुरण चिंचेच्या पाण्यात शिजवून खाज घालवायची, कुस्करून तव्यावर कोरडा करायचा, लसणाऐवजी हिंग आणि थोडं जिरं. सुरणात स्वतःचंच पिष्ट असतं, म्हणून ओट्स ६० ऐवजी ४५ ग्रॅम. रंग फिका येतो, तो भाजताना थोडा जास्त वेळ दिला की भरून निघतो.

रविवार, १३ जुलै: वळणं, भाजणं, सॉस

सकाळी आठला सॉस चढवला, कारण त्याला वेळ लागतो. एक किलो पिकलेले टोमॅटो (५० रुपये), दोन कांदे, लसणाच्या आठ पाकळ्या, तीन मोठे चमचे तेल, मीठ, एक लहान चमचा साखर, कालचं गाजराचं पाणी. पस्तीस मिनिटं उघडं उकळून साधारण पाऊण लिटर उरलं. सॉस थोडा पातळच ठेवायचा. गोळे त्यातलं पाणी पितात, आणि आधीच घट्ट केलेला सॉस शेवटी चटणी होऊन बसतो.

मग हाताला तेल लावून २५ ग्रॅमचे गोळे वळले. पहिले तीन-चार काट्यावर मोजा, नंतर हाताला अंदाज येतो. समान आकार केवळ दिसण्यासाठी नाही, लहान-मोठे असले तर एक कोरडा पडतो तोवर दुसरा आत ओलाच राहतो. आधी गोळा मुठीत दाबून घट्ट करायचा, नंतर तळव्यांत फिरवायचा. नुसता फिरवला तर आत हवेची भेग राहते आणि तो नेमका तिथे उकलतो.

ओटीजी २०० अंशांवर दहा मिनिटं आधी तापवला, वरची आणि खालची दोन्ही कॉइल चालू. ट्रेवर बेकिंग पेपर, गोळ्यांना ब्रशने तेल, दोन गोळ्यांत बोटभर अंतर. जवळ ठेवले तर त्यांची वाफ एकमेकांना लागते आणि भाजण्याऐवजी ते वाफवले जातात. पंधरा मिनिटांनी उलटले, पुढे दहा मिनिटं. माझ्या ओटीजीत एका वेळी सतराच मावतात, त्यामुळे दोन घाणे झाले. पहिला घाणा आत असताना दुसऱ्याचे गोळे फ्रीजमध्ये ठेवावेत.

ओटीजी नसेल तर आप्पेपात्र हे यासाठी फार चांगलं भांडं आहे, आणि ते बहुतेक मराठी घरांत असतंच. प्रत्येक खळग्यात अर्धा लहान चमचा तेल, मध्यमपेक्षा मंद आच, झाकण न ठेवता एका बाजूने पाच मिनिटं आणि मग सुईने उलटून तेवढंच. झाकण ठेवलं तर वाफ धरते. एअर फ्रायरमध्ये १८० अंशांवर चौदा-पंधरा मिनिटं, मध्ये एकदा हलवून. खोल तेलात तळायचा मोह होतो, पण हा गोळा तसाच तेलात सोडला तर वरचे कण सुटून तेल काळं होतं. तळायचाच असेल तर कॉर्नफ्लोअरच्या पातळ पिठात बुडवून चुऱ्यात घोळवा.

ओव्हनमधून काढल्यावर गोळे मऊ लागतात, बोटाने दाबले तर दबतात. इथे धीर सुटतो. पण पिष्ट गार होतानाच घट्ट बसतं, म्हणून त्यांना हात न लावता दहा-पंधरा मिनिटं ट्रेवरच राहू द्या. सॉसमध्ये गोळे विरघळल्याच्या ज्या तक्रारी ऐकू येतात, त्यातल्या बऱ्याच या एका कारणाने असतात: ओव्हनमधले गरम गोळे सरळ खदखदत्या सॉसमध्ये जातात. थंड झालेला गोळा उचलून पाहा, तोच गोळा आता हातात ठाम लागतो. हे दर वेळी पाहताना मला बरं वाटतं.

जेवणाच्या वीस मिनिटं आधी सॉस रुंद, बसक्या पातेल्यात गरम केला. उकळी येऊ दिली आणि आच एकदम मंद केली. गोळे एका थरात ठेवले, सॉस निम्म्यापर्यंत येईल एवढा. पळीने ढवळायचं नाही. पातेलं दोन्ही कानांना धरून हलवायचं आणि चमच्याने सॉस वरून घालायचा. पंधरा मिनिटं. एकही फुटला नाही. पहिली पाच मिनिटं मी झाकण उघडून पाहत होते, हेही खरं.

स्पगेटीबरोबर वाढले, आणि ज्यांना हवे त्यांनी लादीपावात घालून खाल्ले. पांढऱ्या सॉससोबतही हे चांगले लागतात: पन्नास ग्रॅम काजू अर्धा तास गरम पाण्यात भिजवून गुळगुळीत वाटायचे, त्यात तव्याला लागलेला मशरूमचा खरवड उकळत्या पाण्याने सोडवून घालायचा, वर सोया सॉस आणि मिरी. स्वीडनमध्ये मीटबॉलसोबत लिंगनबेरीचा आंबटगोड जॅम देतात. त्या जागी करवंदाचा मुरंबा अगदी चपखल बसतो. मे महिन्यात मुरबाड-शहापूरकडची करवंदं ठाण्यात विकायला येतात, तेव्हाच एक बरणी करून ठेवावी.

खर्च

जुलै २०२५ च्या भावाने गोळ्यांचं सामान साधारण १९० रुपयांचं: मशरूम ५५, अक्रोड ६०, मसूर १८, पाव १५, ओट्स १२, गाजर-कांदा १०, आणि जवस, सोया सॉस, पेस्ट, तेल मिळून वीसेक. म्हणजे गोळा सहा रुपयांच्या आत. सॉसचे ७५ वेगळे. पंधराशे वॅटचा ओटीजी सगळं मिळून तास-सव्वा तास चालला, त्याची वीज दोन युनिटच्या आत. अक्रोडाऐवजी सूर्यफुलाच्या बिया भाजून घातल्या तर चाळीस रुपये वाचतात आणि सुक्या मेव्याची ॲलर्जी असलेल्यांनाही चालतं. शेंगदाण्याचा कूट स्वस्त आहे, पण तो घातला की चव सरळ आपल्या भरल्या वांग्याकडे जाते. पाहुण्यांना विचारताना गव्हाबद्दलही विचारा. पाव, सोया सॉस आणि आपल्याकडचे साधे ओट्स, तिन्हींत ग्लुटेन असू शकतं.

उरलेले गोळे

सॉसशिवायचे गोळे फ्रीजमध्ये तीन-चार दिवस टिकतात. जास्त करून ठेवायचे असतील तर भाजून, पूर्ण गार करून, ट्रेवर सुटे मांडून दोन तास फ्रीझरमध्ये आणि मग पिशवीत. आधीच पिशवीत भरले तर एकमेकांना चिकटून ढेकूळ होतं. दोन महिने चव उतरत नाही. वापरताना बाहेर ठेवून वितळवू नका, सुटलेलं पाणी बाहेरचा थर मऊ करतं. गोठलेलेच मंद सॉसमध्ये बारा-तेरा मिनिटं, किंवा १८० अंशांवर ओव्हनमध्ये तेवढाच वेळ.

दोन ओळखीच्यांनी हे सोसायटीत विकायचा विचार बोलून दाखवला, म्हणून एवढं सांगते. घरातून, अगदी थोड्या प्रमाणात विकलं तरी एफएसएसएआयची नोंदणी आधी लागते. आणि व्हेगनचं ते हिरवं चिन्ह आपल्या मनाने डब्यावर छापता येत नाही, त्यासाठी २०२२ च्या नियमांप्रमाणे वेगळी मान्यता घ्यावी लागते. तोवर डब्यावर घटकांची पूर्ण यादी लिहा, त्यात गहू, सोया आणि अक्रोड ठळक करा, आणि ज्या कढईत तूप-पनीर होतं ती या गोळ्यांसाठी वापरू नका.